कुरांडाची फुलपाखरं: आगगाडी आणि रोपवे नंतर, आधी सकाळचे दोन तास

पहिल्या खेपेला कुरांडातली फुलपाखरं आम्ही पाहिली ती दुपारी तीनच्या सुमारास, पायांचे तुकडे पडलेले आणि पोटात कावळे ओरडत असताना. सकाळी आगगाडीने डोंगर चढलो, बाजारात दोन तास घालवले आणि टूरवाल्याने छापून दिलेल्या कागदावर सगळ्यात शेवटी 'फुलपाखरू उद्यान, ४५ मिनिटं' असं होतं, म्हणून आत शिरलो. तोवर आभाळ भरून आलं होतं. जाळीखाली शेकडो फुलपाखरं होती खरी, पण बहुतेक सगळी पानांच्या पाठीला पंख मिटून चिकटलेली. आमचे हे म्हणाले, "ठाण्यात ओवळेकर वाडीच्या फुलपाखरू बागेत यापेक्षा जास्त उडताना दिसतात." ते खोटं नव्हतं.

दोन वर्षांनी मुलीकडे ब्रिस्बेनला आईला घेऊन गेले तेव्हा पुन्हा कुरांडा गाठलं, पण वेळापत्रक उलटं करून. आधी फुलपाखरं, मग बाकीचं. जागा तीच, तिकीट तेच, आणि वाटलं की आपण पहिल्यांदा इथे आलोच नव्हतो. पहिल्या खेपेला आम्ही जे घोळ घातले ते तुम्ही घालू नयेत म्हणून हे सगळं क्रमाने लिहिते आहे.

१. आधी ठिकाण नीट समजून घ्या

कुरांडा हे ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलँड राज्यातलं छोटं गाव. केर्न्स शहरापासून साधारण २५ किलोमीटरवर, डोंगरात, सुमारे ३३० मीटर उंचीवर. म्हणजे आपल्या माथेरानच्या निम्म्याहूनही कमी उंच. (शहराचं नाव लिहितात केर्न्स, तिथले लोक म्हणतात 'केन्स'. विमानतळावर घोषणा ऐकताना हे माहीत असलेलं बरं.) ही मूळची जाबुगाय या आदिवासी लोकांची भूमी. आजूबाजूचं पावसाळी जंगल 'वेट ट्रॉपिक्स' म्हणून १९८८ पासून जागतिक वारसा यादीत आहे.

इथली 'ऑस्ट्रेलियन बटरफ्लाय सँक्च्युअरी' १९८७ पासून चालू आहे. 'सँक्च्युअरी' ऐकून अभयारण्य डोळ्यांसमोर आणू नका. जीप नाही, जंगलातली भटकंती नाही. उंच जाळीखाली झाडं, वेली, पाणी आणि पायवाटा असलेली बंदिस्त बाग, आणि तिला लागून अळ्या वाढवायची प्रयोगशाळा, एवढाच पसारा. भराभर चाललात तर दहा मिनिटांत संपते. म्हणूनच टूरवाले तिला पाऊण तास देतात. आणि म्हणूनच लोक "एवढंच?" म्हणत बाहेर पडतात.

शेजारीच पक्ष्यांचं आणि कोआलांचं उद्यान आहे आणि तिन्हींचं एकत्र तिकीट मिळतं. बरोबर लहान मुलं असतील तर ते घ्या. नसतील तर फक्त फुलपाखरांचं घ्या. एकत्र तिकीट हातात असलं की 'पैसे वसूल' करायची घाई सुटते, आणि फुलपाखरांच्या बागेत घाईइतकं वाईट दुसरं काही नाही.

२. महिना ठरवा: आपला मे तिथे कामाचा

ऋतू उलटे आहेत हे सगळ्यांना माहीत असतं, पण तिकडचा 'उन्हाळा' म्हणजे तिकडचा पावसाळा हे ऐन वेळी लक्षात येतं. केर्न्सला साधारण डिसेंबर ते मार्च धो धो पाऊस असतो, चक्रीवादळांची भीती असते आणि घाम पुसता पुसता नाकीनऊ येतात. डिसेंबर २०२३ मध्ये 'जास्पर' वादळानंतरच्या पुरात कुरांडाच्या रेल्वेमार्गावर दरडी कोसळल्या आणि गाडी काही महिने बंद होती. नाताळच्या सुट्टीत जोडून जाणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावं.

मे ते ऑक्टोबर कोरडा काळ. त्यातला जून-जुलै सकाळी थोडा गार, त्यात तिथल्या शाळांना सुट्टी असते आणि गर्दी वाढते. मे मला सर्वात आवडला. पाऊस नुकताच सरलेला, जंगल हिरवंगार, हवा सुसह्य. आणि आपल्याकडे शाळांना सुट्टी.

एक तोटा सांगून टाकते. रेल्वेच्या जाहिरातीत बॅरन धबधबा फेसाळत कोसळताना दिसतो, तो पावसाळ्यातला. नदीवर वर जलविद्युत प्रकल्प आहे. कोरड्या दिवसांत पाणी तिकडे जातं आणि उरतो तो बराचसा काळा कातळ. धबधबा आणि उडती फुलपाखरं दोन्ही एकाच सहलीत भरभरून मिळतील ही आशा सोडा.

३. कागदपत्रं

केर्न्सला भारतातून थेट विमान नाही. सिंगापूरहून जाता येतं, किंवा सिडनी, मेलबर्न, ब्रिस्बेनला उतरून देशांतर्गत विमानाने. ब्रिस्बेनहून सव्वादोन तास, सिडनीहून तीनेक तास. मुलगा किंवा मुलगी ऑस्ट्रेलियात आहे म्हणजे 'जवळच' आहे असं समजून गाडीने जायचा बेत करू नका. ब्रिस्बेन ते केर्न्स सुमारे १७०० किलोमीटर आहे.

पर्यटकांसाठीचा व्हिसा 'सबक्लास ६००'. अर्ज ऑनलाइन होतो. आम्ही जोडलेली कागदं ही:

- पासपोर्टची स्कॅन प्रत, आणि जुने पासपोर्ट असतील तर त्यांतली व्हिसाची पानं
- गेल्या काही महिन्यांचं बँक स्टेटमेंट, आयकर विवरणपत्रं
- नोकरी असेल तर रजेचं पत्र, निवृत्त असाल तर पेन्शनचे कागद
- मुलीचं आमंत्रणपत्र, तिच्या पासपोर्टची आणि तिथल्या वास्तव्याच्या परवान्याची प्रत
- नातं दाखवणारा कागद (जन्मदाखला, आईच्या बाबतीत नावांच्या स्पेलिंगमध्ये फरक होता म्हणून प्रतिज्ञापत्रही)
- प्रवास विमा, विशेषतः वडीलधारी माणसं असतील तर
- ढोबळ प्रवासबेत

आईचं वय ७८. वयाची ७५ वर्षं पूर्ण झालेल्यांना वैद्यकीय तपासणी करावी लागते, आणि तीही त्यांनी नेमलेल्या डॉक्टरांकडेच. घरच्या डॉक्टरांचं सर्टिफिकेट चालत नाही. तपासणीची वेळ मिळेपर्यंत दिवस जातात, म्हणून वडीलधाऱ्यांचा अर्ज सर्वांच्या आधी करा.

व्हिसा मंजूर झाला की ईमेल येते, पासपोर्टवर काहीही चिकटवत नाहीत. आई दोन दिवस विचारत होती, "पण शिक्का कुठंय?" त्या मंजुरीपत्राची छापील प्रत पर्समध्ये ठेवा. विमानतळावर संगणकात सगळं दिसतं, पण आपल्या जिवाला शांतता हवी असते.

घड्याळाचंही बघा. क्वीन्सलँड भारताच्या साडेचार तास पुढे, वर्षभर. सिडनी-मेलबर्न मात्र त्यांच्या उन्हाळ्यात घड्याळ आणखी एक तास पुढे करतात, क्वीन्सलँड करत नाही. त्या दिवसांत सिडनीहून येत असाल तर विमानाच्या आणि आगगाडीच्या वेळा मनातल्या मनात जुळवू नका, कागदावर मांडा.

४. लाडू-चिवडा: जाहीर करा, लपवू नका

हे फुलपाखरांशी संबंधित नाही असं वाटेल, पण आहे. ऑस्ट्रेलिया किडे, बिया, माती, दूध यांबाबत इतका कडक का, ते तुम्हाला पुढे सातव्या पायरीत एका वेलीच्या गोष्टीवरून कळेल.

देशात शिरताना एक कार्ड भरावं लागतं. खाण्याचं काहीही, लाकडी वस्तू, औषधी झाडपाला असं काही बरोबर असेल तर 'हो' वर खूण करा. खूण केली आणि त्यांना वस्तू पटली नाही, तर फार तर ती ते ठेवून घेतात. खूण केली नाही आणि सापडली, तर हजारो डॉलरचा दंड होतो, व्हिसाही रद्द होऊ शकतो. आमच्या पुढच्या काकूंनी "फक्त घरचं आहे" असं सांगून बघितलं. घरचं म्हणजे काय ते तिथल्या कुत्र्याला कळतं.

फळं, बिया, कढीपत्ता, पेढे-बर्फी घरीच ठेवा. तसबिरीला घालायची चंदनाची किंवा सुकलेल्या फुलांची माळही नको. बूट चिखलाचे असतील तर निघण्यापूर्वी घासून धुवा. सह्याद्रीतल्या ट्रेकचे बूट तसेच पिशवीत टाकणाऱ्यांना हे विशेष सांगणं आहे.

५. डोंगर चढायचे तीन मार्ग, आणि आमचा उलटा क्रम

*आगगाडी.* केर्न्स-कुरांडा मार्ग १८९१ मध्ये पूर्ण झाला. १५ बोगदे, दऱ्यांवरचे पूल, जवळजवळ दोन तासांचा रमतगमत प्रवास. कसारा घाट ज्यांनी दारात उभं राहून अनुभवला आहे त्यांना चमत्कार वाटणार नाही, पण सुंदर आहे.

*स्कायरेल.* साडेसात किलोमीटरचा रोपवे, १९९५ पासून सुरू. झाडांच्या शेंड्यांवरून जातो, मधे दोन ठिकाणी उतरून जंगलात फिरता येतं. वीज-वाऱ्याच्या दिवशी थांबवतात.

*रस्ता.* बस किंवा गाडीने अर्धा-पाऊण तास. वळणांचा घाट. आपल्याकडचा इंग्रजीतला वाहन परवाना पर्यटकाला तिथे चालतो आणि गाडी डाव्याच बाजूने चालवायची असते, त्यामुळे धीर असेल तर भाड्याची गाडी घ्या. रस्त्याकडेला कॅसोवरी या मोठ्या पक्ष्याच्या पाट्या दिसतील. त्या शोभेच्या नाहीत, वेग कमी करा.

सगळे जण सकाळी आगगाडीने वर जातात आणि दुपारी स्कायरेलने खाली येतात. या क्रमात गाडीतून उतरलेली सगळी गर्दी एकदम गावात पसरते, आधी बाजार, मग जेवण, आणि फुलपाखरांना उरलेला वेळ. शिवाय कुरांडा हे दुपारी लवकर झोपणारं गाव आहे. उद्यानं, दुकानं चारच्या आसपास आवरायला लागतात.

आम्ही दुसऱ्या खेपेला सकाळी बसने वर गेलो. उद्यानाचं दार उघडताना पहिल्या दहा माणसांत होतो. दुपारपर्यंत आत, मग जेवण, आणि परतीला आगगाडी. उतरताना दरी तीच दिसते. हा क्रम ठेवायचा तर दोन गोष्टी सांभाळा. परतीचं आगगाडीचं किंवा स्कायरेलचं तिकीट आधीच काढा, कारण आयत्या वेळी जागा नसते. आणि बसच्या वेळा आदल्या दिवशी बघून ठेवा. बस आपल्या ठाणे-बोरिवलीसारख्या दर पाच मिनिटांनी नाहीत.

एक दिवस जास्त असेल तर आदल्या रात्री कुरांडातच मुक्काम करा. मी अजून केलेला नाही, पुढच्या खेपेला करणार.

६. अंगावर काय, पिशवीत काय

कपडे भडक घाला. लाल, गुलाबी, पांढरा. फुलपाखरांना रंग दिसतात आणि ती फूल समजून जवळ येतात. आईने लाल काठाची पांढरी साडी नेसली होती, आणि मी शहाण्यासारखी खाकी पँट आणि मातकट शर्ट. जंगलात जायचं म्हणून! परिणाम पुढे येतोच आहे.

पिशवीत ठेवा:

- पाण्याची बाटली (आत खाणं नेऊ नका, बाहेर येऊन खा)
- टोपी आणि छोटी छत्री किंवा पातळ रेनकोट
- लेन्स पुसायचं फडकं
- ओले टिश्यू किंवा रुमाल
- थोडे सुटे डॉलर. बाकी सगळीकडे कार्ड चालतं

डास असतात, औषध लावावंच लागतं. पण डासांना पळवतं ते फुलपाखरांनाही मारक असतं. म्हणून ते पायांना आणि मानेला लावा, हात मात्र आत जायच्या आधी साबणाने धुऊन घ्या. फुलपाखरं पायांनी चव घेतात. औषध चोपडलेल्या मनगटावर त्यांना बसायला बोलावणं हा विश्वासघातच झाला.

कॅमेरावाल्यांसाठी: एसी खोलीतून किंवा एसी बसमधून थेट त्या दमट हवेत शिरलात की लेन्सवर वाफ धरते आणि ती पुसून जात नाही. आत जायच्या पंधरा-वीस मिनिटं आधी कॅमेरा पिशवीतून बाहेर काढून ठेवा.

७. जाळीच्या आत

आत जायला दोन दारं असतात. पहिलं बंद झाल्यावर दुसरं उघडायचं. मागच्यांसाठी दार धरून ठेवायची आपली सवय इथे विसरा.

पहिल्यांदा मार्गदर्शकाबरोबरची फेरी घ्या. ती तिकिटातच असते. प्रयोगशाळेत मादीने घातलेली अंडी गोळा करून वेगळी ठेवतात, अळ्यांना त्यांच्या त्यांच्या झाडाची पानं खायला घालतात आणि कोषांतून बाहेर आली की फुलपाखरं बागेत सोडतात. रानात अंड्यापासून फुलपाखरापर्यंत पोचणारी फार थोडी. मुंग्या, कोळी, पक्षी, गांधीलमाश्या सगळे टपलेले असतात. इथे त्या शत्रूंना दार बंद.

इथेच विचारा 'केर्न्स बर्डविंग'बद्दल. ऑस्ट्रेलियातलं हे सर्वात मोठं फुलपाखरू. मादी तपकिरी-काळी, पांढऱ्या-पिवळ्या ठिपक्यांची, पंख पसरले की वीतभर. नर तिच्याहून लहान, पण काय हिरवा! आपल्या सह्याद्रीत कोकण-गोव्याकडे जे 'सदर्न बर्डविंग' दिसतं, त्याच्या घराण्यातलंच हे. दोन्हींच्या अळ्यांचं खाणंही एकाच कुळातल्या वेलींचं. आपल्याकडे सापसंद म्हणतात ती त्यातलीच एक.

आता ती वेलीची गोष्ट. दक्षिण अमेरिकेतून आलेली याच कुळातली एक शोभेची वेल लोकांनी ऑस्ट्रेलियातल्या बागांमध्ये हौसेने लावली आणि ती जंगलात पसरली. बर्डविंगच्या माद्या वासाला फसतात, तिच्यावर अंडी घालतात, अळ्या पान खातात आणि मरतात. वेल आपल्याकडच्या बंगल्यांच्या कुंपणावरही दिसते, बदकाच्या आकाराच्या फुलांची, म्हणून तिला बदकवेल म्हणतात. विमानतळावर आपल्या पिशवीतल्या बिया का शोधतात, याचं उत्तर या वेलीत आहे. दाराशी कोणी ती हौसेने लावत असेल तर त्याऐवजी सापसंद सुचवा.

फेरी संपली की लोक बाहेर जातात. तुम्ही जाऊ नका. खरा कार्यक्रम आता सुरू होतो.

फुलांच्या ताटव्याजवळची, उन्हाची तिरीप येणारी एखादी बसायची जागा धरा आणि बसा. फुलपाखरांचं अंग आपल्यासारखं आतून तापत नाही. सकाळी ऊन पंखांवर घेतात तेव्हा कुठे उडायची ताकद येते. ढग आले की पुन्हा थंड. दहा ते बाराच्या उन्हात बाग उकळत्या भांड्यासारखी असते, आणि तीनला ढगाळ हवेत आम्ही जे बघितलं ते निवलेलं भांडं होतं.

आई बसली. पाच मिनिटांत तिच्या पदराच्या लाल काठावर एक लेसविंग येऊन बसलं, शेंदरी-तांबडं, पंखांच्या कडेला काळी-पांढरी नक्षी. मग एक तिच्या मनगटावर, बांगड्यांच्या वर. त्याने घड्याळाच्या स्प्रिंगसारखी गुंडाळलेली सोंड उलगडली आणि तिच्या कातडीवर इकडून तिकडे टेकवू लागलं. आई हलली नाही, फक्त हळूच म्हणाली, "अगं, हा चाटतोय मला!" चाटतच होता. घामातले क्षार त्यांना हवे असतात. रानात ओल्या मातीवर फुलपाखरं थवा करून बसतात ती यासाठीच, आणि त्यांत नरच जास्त असतात. माझ्या खाकी पँटवर त्या दिवसात एकही आलं नाही.

*युलिसिस दिसलं की काय करायचं.* हे निळं फुलपाखरू म्हणजे केर्न्सच्या पर्यटनाचा चेहराच, प्रत्येक पोस्टरवर असतं. आपला नीलवंत निळा आहे, पण त्याचा निळा म्हणजे काळ्या साडीवरचे बुट्टे, आणि याचा निळा म्हणजे पेटलेली ज्योत. त्या पंखांत निळा रंग नाहीच. मोरपिसासारखंच, खवल्यांची बारीक रचना प्रकाशातला निळाच तेवढा परत फेकते. अडचण अशी की ते वर, जाळीच्या जवळ, भरधाव उडतं, आणि बसलं की पंख मिटतं. पंखांची खालची बाजू तपकिरी. म्हणजे फोटो काढायला कॅमेरा उचलावा तर समोर सुकलेलं पान! त्याच्या मागे पळणारे लोक मी दोन्ही खेपांना बघितले. पळू नका. ते निळ्या वस्तूकडे ओढलं जातं. निळी टोपी किंवा निळी ओढणी मांडीवर ठेवून बसा, आणि फोटोचा नाद सोडून मोबाईलवर स्लो मोशन व्हिडिओ काढा. माझ्याकडे फोटो शून्य आहेत आणि सहा सेकंदांचा एक व्हिडिओ आहे, तो मी अजून बघते.

*हर्क्युलिस पतंग.* प्रयोगशाळेकडे किंवा सावलीत टांगलेला दिसला तर सोडू नका. जगातल्या सर्वात मोठ्या पतंगांपैकी एक. याला खायला तोंडच नसतं. अळी असताना जे खाल्लं त्या शिदोरीवर थोडे दिवस जगायचं, जोडीदार शोधायचा, संपलं. कोकणात पावसाळ्यात दिव्यापाशी येणारा ॲटलास पतंगही असाच बिनतोंडाचा.

काही नियम, जे पाटीवर असले तरी लोक पाळत नाहीत:

- पंखांना बोट लावू नका. हाताला लागते ती 'पूड' म्हणजे पंखांचे खवले, आणि ते परत उगवत नाहीत.
- हातावर घ्यायचं असेल तर बोट त्याच्या पुढच्या पायांसमोर आडवं धरा. चढायचं असेल तर चढेल.
- फ्लॅश नको.
- पायाखाली बघा. पायवाटेवर ऊन खात बसलेली असतात.
- मुलांना आधी सांगून ठेवा की टाळी वाजवायची नाही.

८. जाळीच्या बाहेरची, फुकटातली फुलपाखरं

हा भाग कोणत्याच टूरच्या कागदावर नव्हता. कुरांडा गावातूनच जंगलात शिरणाऱ्या पायवाटा आहेत, जमरम ओढ्याची वाट आणि बॅरन नदीकाठची वाट. चढ बेताचा. आई काठी टेकत थोडं चालली. सकाळी ऊन पडलेल्या मोकळ्या जागी, फुललेल्या झुडपांपाशी थांबायचं. जाळीबाहेरचा युलिसिस एकदाच दिसला, ओढ्याच्या वरून, दोन क्षण.

जास्त मौज वेगळीच झाली. एका कुंपणापाशी आई थांबली आणि म्हणाली, "हे तर आपल्या कण्हेरीवरचं." बघते तर कॉमन क्रो. काळपट तपकिरी, कडेला पांढरे ठिपके. डोंबिवलीतल्या आमच्या जुन्या चाळीच्या अंगणात कण्हेर होती आणि तिच्या पानांखाली याचे कोष लटकायचे, चांदीच्या डुलासारखे चकाकणारे. हीच जात भारतातही आहे आणि ऑस्ट्रेलियातही. तसंच हिरव्या ठिपक्यांचं, एक क्षण स्थिर न बसणारं 'टेल्ड जे', जे आपल्या सोसायटीतल्या सरळसोट अशोकावर अंडी घालतं. तेही तिथे आहे, फक्त तिकडे त्याला 'ग्रीन-स्पॉटेड ट्रँगल' म्हणतात. तेव्हा जाण्यापूर्वी आपल्या घराजवळची दहा फुलपाखरं ओळखायला शिका. तिथे गेल्यावर पाहुणे कोण आणि शेजारी कोण ते कळतं.

शाकाहारी असाल तर जेवणाचं आधी विचारा. 'व्हेजिटेरियन' मध्ये अंडं धरलेलं असू शकतं. आम्ही केर्न्सच्या सुपरमार्केटमधून पाव, काकडी आणि चीज आणून सँडविच केले होते. उद्यानाबाहेरच्या बाकावर बसून खाल्ले. चटणीची आठवण आली, पण चौथी पायरी!

९. निघताना

दुकानात काचेच्या चौकटीत टाचलेली खरी फुलपाखरं विकायला असतात. घेऊ नका. बर्डविंग आंतरराष्ट्रीय व्यापारावर निर्बंध असलेल्या 'साइट्स' यादीत आहेत, ऑस्ट्रेलियातून वन्यजीवांचे नमुने बाहेर न्यायला परवाना लागतो, आणि भारतातही २०२२ च्या दुरुस्तीनंतर वन्यजीव कायदा या यादीतल्या जीवांना लागू आहे. दुकानदार "चालतं" म्हणाला तरी मुंबईच्या कस्टममध्ये तो तुमच्या बरोबर उभा राहणार नाही. पोस्टकार्ड घ्या, फ्रीजवरचं चुंबक घ्या. रस्त्यात मेलेलं फुलपाखरू सापडलं तरी वहीत घालून आणू नका.

बागेतून बाहेर पडताना दोन दारांच्या मधल्या जागेत थांबा आणि एकमेकांच्या पाठी, पिशव्या, टोप्या, केस नीट बघा. घाईतल्या लोकांबरोबर फुलपाखरं बाहेर जातात. मी आईचा पदर झटकून बघितला, पिशवी उघडून बघितली, काही नव्हतं. बाहेरचं दार उघडणार, तेवढ्यात मागच्या रांगेतली एक छोटी मुलगी आईच्या डोक्याकडे बोट दाखवून हसायला लागली. अंबाड्यावर, जाळीच्या पिनेशेजारी, एक लेसविंग पंख मिटून बसलं होतं. आईला सांगितलं तर ती म्हणाली, "बसू दे की जरा," आणि आम्ही तिघी-चौघी त्या दोन दारांच्या मधे, मागची रांग ताटकळत ठेवून, ते आपणहून उडायची वाट बघत उभ्या राहिलो.